राणीचा वहाळ

एक राजा होता, बरं का, आणि त्याला एकच राणी होती. आवडती-नावडती असलं काही नव्हतं. एकच होती आणि ती त्याला फार आवडायची. ए, पाय आत घे आधी. पांघरूण सगळ्यांना पुरतं. हं.

राजाचं गाव मोठ्या नदीच्या काठी. नदी केवढी? तर या काठावरून बघितलं की त्या काठावरचा माणूस मुंगीएवढा दिसायचा. पाणी संथ आणि मातकट. राणीचं नाव पोवळा. दिसायला देखणी, स्वभावाने गरीब. पण तिला एक दुःख होतं. तिला माहेर नव्हतं. म्हणजे होतं, पण ते कुठं आहे ते तिलाच ठाऊक नव्हतं.

त्याचं काय झालं होतं, चार-पाच वर्षांची असताना ती पुरातून वाहत आली होती. मासे धरायची बांबूच्या कामट्यांची टोपली असते ना, तोंड रुंद नि बूड निमुळतं, मासा एकदा आत शिरला की त्याला उलटं फिरता येत नाही, तसल्या एका भल्यामोठ्या टोपलीला मिठी मारून ती आली. घाटावर गोदू परटीण धुणं धूत होती. तिने हातातलं लुगडं पाण्यात फेकलं, पोरीने ते धरलं, आणि गोदूने तिला काठाला ओढून घेतलं. पोर तीन दिवस काही बोलली नाही. चौथ्या दिवशी फक्त ‘आई’ म्हणाली. मग गोदूने गावोगाव विचारलं, कुणाची पोर हरवलीय का. कुणाचीच नव्हती. मग गोदूनेच तिला वाढवली. पोर मोठी झाली, राजाने तिला घाटावर पाहिली, आणि लग्न करून घरी नेली.

गोदू होती तोवर सगळं ठीक होतं. राणी सणावाराला तिच्याकडे जायची, तिच्या हातची भाकरी खाऊन यायची. मग गोदू म्हातारी झाली आणि देवाघरी गेली. आणि मग काय झालं कोण जाणे, राणीला ते आधीचं घर आठवायला लागलं. रोज दुपारी ती गच्चीत जाऊन बसायची. नदी खाली जाते तिकडे बघायचीच नाही. नदी जिकडून येते तिकडे बघायची. आधी ती दोन भाकऱ्या खायची, मग एक खायला लागली, मग चतकोर. मग ताट नुसतं पुढं सरकवायची.

राजाने वैद्य आणले. पहिल्याने काढा दिला. दुसऱ्याने लेप दिला. तिसरा म्हातारा होता. तो राणीजवळ नुसता बसून राहिला, गावातल्या गप्पा मारल्या, आणि मग बाहेर येऊन राजाला म्हणाला की पोटात काही नाही, अंगात ताप नाही, हिला ओढ लागलीय. ओढीवर माझ्या बटव्यात काही नाही. आणि असंच चाललं तर ही दिवाळी बघायची नाही.

राजा राणीपाशी गेला. तुझं माहेर कुठलं ते काहीतरी सांग, म्हणाला, मी शोधून काढतो.

राणीने डोळे मिटले आणि आठवून आठवून सांगितलं. तिथं जंगल होतं. जंगलात पाणी होतं, खळखळ वाहणारं. पाण्यात एक दगड होता, म्हशीएवढा. आई मासे धरायला उतरली की तिला त्या दगडावर बसवायची. वर एक उंबर वाकलेला. त्याची फळं टपटप पाण्यात पडायची आणि मासे ती खायला यायचे.

“त्या पाण्याचं नाव काय?” राजाने विचारलं.

“आम्ही त्याला वहाळ म्हणायचो,” राणी म्हणाली.

आता वहाळ म्हणजे काय, तर ओढा. ओढ्याला ओढा म्हणतात, त्यात नाव कुठं आलं? आणि जंगलात वहाळ किती, तर आपल्या हातावर रेषा किती. पण राजाने घोडेस्वार पाठवले. ते काठाकाठाने गेले, म्हशीएवढा दगड शोधत. एकदा गेले, दोनदा गेले, तीनदा गेले. दर वेळी कुठल्यातरी ओढ्याचे मासे घेऊन आले. मुदपाकखान्यात ते शिजवले, राणीसमोर ठेवले. राणीने तोंडात घातला एक तुकडा, आणि ताटाच्या कडेला काढून ठेवला. तिन्ही वेळा.

राजवाड्यावर मासे घेऊन येणारा एक भोई होता, धाकलू. नाव धाकलू, पण वय साठीच्या पुढं. भोई म्हणजे नदीवर होडी चालवणारे, मासे धरणारे लोक. एकदा तो पाटी घेऊन आला तेव्हा राणी मागच्या दारी पायरीवर बसलेली होती. तिने पाटीतला एक मासा उचलला, वास घेतला आणि हळूच परत ठेवला.

“धाकलूबाबा, याला चिखलाचा वास येतो,” ती म्हणाली. “आमच्या माशाला दगडाचा वास यायचा.”

धाकलू तिथंच उभा राहिला. इतके दिवस सगळे तिला विचारत होते, तिथं काय दिसायचं. वासाचं कुणी विचारलं नव्हतं. दगडाचा वास कुठल्या माशाला येतो, ते धाकलूला ठाऊक होतं. दगडावरचं शेवाळ खाऊन जगतो त्या माशाला. आणि तसला मासा राहतो पार वर, जिथं पाणी पोटरीएवढं आणि वेगाचं असतं. घोडा तिथवर पोचतच नाही. तो राजाकडे गेला आणि म्हणाला, महाराज, मी जाऊन बघतो.

राजाने घोडा देऊ केला. धाकलू नको म्हणाला. तो काठाने जाणार नव्हता. तो पाण्यातून जाणार होता.

मग आषाढातला पहिला पूर ओसरला, पाणी जरा उतरलं, तसा धाकलू निघाला. याच दिवसांत मासे खालून वर चढायला लागतात ना. धाकलू त्यांच्या पाठोपाठ निघाला. खांद्यावर फेकायचं जाळं, कमरेला कोयता, फडक्यात भाकरी. खोल होतं तिथं काठाने, उथळ होतं तिथं पाण्यातून. चार दिवस चालला, आणि तिथं आला पहिला संगम.

दोन पाणी एकत्र येत होती. दोन्ही सारखीच रुंद. कुठलं घ्यावं? धाकलूला कळेना. भूक लागली होती, म्हणून त्याने जाळं फेकलं. जाळ्यात आली मरळ. मोठी, काळी, सापासारख्या डोक्याची. आणि तिच्याभोवती पाण्यात हा एवढासा लालसर ढग. जाळं इकडे हललं की ढग इकडे, तिकडे हललं की ढग तिकडे. काय होतं ते? तिची पिल्लं होती. हजारभर तरी असतील.

मरळ म्हणाली, “मला सोड. मी नसले तर दुपारपर्यंत यातलं एक राहणार नाही.”

धाकलू जन्मभर मासे धरत होता, पण बोलणारा मासा त्याला पहिल्यांदाच भेटला. घाबरला थोडा. पण त्याने जाळं सोडवलं आणि मरळ पिल्लांत परत गेली. मग तिनेच विचारलं, कुठं निघालास. त्याने सांगितलं. ती म्हणाली, उजवीकडच्या पाण्यात हात घाल. त्याने घातला. कोमट होतं. डावीकडच्या पाण्यात घाल. गार होतं. मरळ म्हणाली की कोमट पाणी शेतांतून, उन्हातून येतं, आणि गार येतं झाडांखालून. तुला झाडं हवीत. चिखल आहे तिथवरचंच मला ठाऊक, पुढचं मला विचारू नकोस.

मग धाकलू गार पाण्याने गेला. चिखल संपला, वाळू लागली. वाळू संपली, गोटे लागले. मग डोंगर सुरू झाले. गोटे मोठे होत गेले, घराएवढे धोंडे आले, आणि धोंड्यांमध्ये काळेभोर डोह. सहा दिवसांनी दुसरा संगम आला. डावीकडून मोठा ओढा गर्जत येत होता, फेसाने पांढरा झालेला. उजवीकडून एक बारका ओढा गोट्यांतून येत होता.

संगमाच्या खाली डोहाच्या तोंडाशी धाकलूने काय बघितलं? एक वाम. वाम म्हणजे सापासारखा लांब मासा, तुम्ही बाजारात बघितलाय. ही माणसाएवढी लांब होती, अंगावर ठिपके, तोंडाशी वयाने पांढुरकी झालेली. पूर आला तेव्हा ती डोहातून बाहेर पडली होती आणि पाणी उतरल्यावर गोट्यांच्या उथळ पट्ट्यात अडकली होती. पाठ उन्हात सुकत होती.

धाकलूला वाटलं, एवढ्या मोठ्या वामीला आठवडाभर पुरवून खाता येईल. खोटं कशाला बोलू, त्याने कोयत्याला हात घातला. तेवढ्यात वाम म्हणाली, “भल्या माणसा, खाली समुद्र आहे म्हणतात, तो अजून आहे का?”

आहे, धाकलू म्हणाला. तरुणपणी एकदा मिठाच्या होडीवर तो तिथं गेला होता.

मग वामीने सांगितलं की तिचा जन्म तिथला. काचेच्या काडीएवढी असताना ती वर चढून आली. या डोहात वाढली, म्हातारी झाली. आता तिला तिथं परत जायचं होतं. अंडी घालायला तिच्या जातीला तिथंच जावं लागतं. बारा वर्षं ती मोठ्या पुराची वाट बघत होती, आणि पूर आला तर या गोट्यांनी अडवली.

धाकलूने कोयता कमरेला परत लावला. धोतर सोडून पाण्यात बुचकळलं, ओल्या धोतरात वामीला गुंडाळली, खांद्यावर घेतली, आणि आल्या वाटेने उलटा चालला. अख्खा दिवस. चालता चालता आपण कशाला निघालोय ते तिला सांगितलं. पुढचा डोह आला, तिथं तिला सोडली. तिथून खाली पाणी सलग होतं.

जाताना वाम म्हणाली, मोठ्याने गर्जतोय तो ओढा घेऊ नकोस. तो पावसापुरता. होळीला त्यात नुसते गोटे असतात. बारका आहे तो बारमाही. बाई बारा महिने मासे धरत असेल तर ती त्याच्याच काठी असेल.

काय विचारतेस? पोचली का ती समुद्राला? ते मला नाही गं माहीत. वाट लांबची होती. पण निघाली होती एवढं खरं.

मग धाकलू बारक्या ओढ्याने चढत गेला. जंगल दाट झालं. पाणी आता गुडघ्याएवढं, मग पोटरीएवढं. आणि पुढं आला कडा. कड्यावरून तीन धारा खाली पडत होत्या, इथं एक, तिथं एक, पलीकडे एक. वर तीन वहाळ असणार. आता यातला कुठला?

धाकलू कड्याखाली बसला आणि बघतो तर काय, मधल्या धारेच्या बाजूला ओल्या खडकावर काहीतरी वळवळत होतं. मुऱ्या होत्या त्या. मुरी म्हणजे बोटाएवढा मासा, पोटाने दगडाला चिकटतो. शेकडो मुऱ्या त्या उभ्या खडकावर चिकटून वर चढत होत्या. वीतभर चढायच्या, थांबायच्या, परत वीतभर. आणि एक निसटली ती नेमकी धाकलूच्या पायावर येऊन पडली. त्याने तिला तळहातावर घेतली आणि हात पुरेल तितक्या उंच खडकावर चिकटवून दिली. मग तिला विचारलं, बाई गं, तुम्ही सगळ्या याच धारेला का? बाकीच्या दोन आहेत की.

मुरी म्हणाली, “त्यांच्यावर वाटेत टोपल्या लावलेल्या असतात. या वहाळाची वाट मोकळी असते. का ते आम्हाला माहीत नाही. पण असते.”

आणि ती परत चढायला लागली.

मग धाकलूही चढला. झाडांची मुळं धरून, खडकाच्या खाचांत पाय रोवून, म्हातारा माणूस, पण चढला. वर आला. आणि समोर वहाळ होता. केवढा? तर लहान पोराने उडी मारून पलीकडे जावं एवढा. घोडेस्वारांना तो दिसलाही असता तरी त्यांनी घोड्याला तिथं पाणी पाजून पुढं नेलं असतं. कडेला उंबर होता, वाकलेला. पाण्यात दगड होता. म्हशीएवढा? छे. वासराएवढासुद्धा नव्हता. पण धाकलूने विचार केला, चार वर्षांच्या पोरीला बसायला तो म्हशीएवढाच वाटणार.

दगडापलीकडे एक म्हातारी पाण्यात उभी होती. लुगडं गुडघ्यावर खोचलेलं. वहाळात दगडांचा बांध घालून मध्ये ती टोपली बसवत होती. धाकलूने बघितलं आणि त्याला नवल वाटलं. टोपली उलटी होती. आता हे नीट ऐका. आषाढात मासे वर चढतात, म्हणून सगळं जग टोपलीचं तोंड खालच्या बाजूला करून लावतं. या म्हातारीने तोंड केलं होतं वरच्या बाजूला. आणि बांधाच्या कडेला हातभर रुंद फट ठेवली होती. त्या फटीतून मासे सुळसुळ वर निघून जात होते, आणि टोपलीत होते दोन खेकडे.

धाकलू म्हणाला, “बाई, टोपली उलटी लागली तुझी.”

म्हातारीने त्याच्याकडे बघितलं. “उलटी नाही,” ती म्हणाली. “वर येतात ते घरी येत असतात. घरी येणाऱ्याला धरू नये.”

खाली उतरणारे असतात थोडे, ते मला एकटीला पुरतात, असंही ती म्हणाली. तिचं नाव बुधी. नवरा कधीच गेला होता. आणि एक पोर होती, ती पाण्याने नेली.

मग तिने सगळं सांगितलं. इथं लखलखीत ऊन होतं त्या दिवशी. पाऊस पडला वर, घाटमाथ्यावर, तो इथं कुणाला दिसणार? पाणी अचानक भिंतीसारखं आलं. पोर दगडावर बसलेली. बुधी धावली, पण हात पुरला नाही. हातात टोपली होती, तीच तिने पोरीकडे फेकली.

“पोचली का तिच्याकडे, ते मला दिसलं नाही,” बुधी म्हणाली. “फेस फार होता.”

धाकलू खाली वाकला, दगडावर बसला, आणि म्हणाला, “पोचली.”

म्हातारी पाण्यात उभी होती तिथंच राहिली. धाकलूने तिला सांगितलं, सगळं. गोदू परटीण, राजा, गच्ची, पुढं सरकवलेलं ताट. ती ऐकत होती. मग धाकलू म्हणाला, चल माझ्याबरोबर, पंधरा दिवसांत तुझ्या पोरीपाशी नेतो.

पण बुधी यायला तयार होईना. तिचा विश्वास बसला नाही असं नाही, बरं का. ती म्हणाली, इतकी वर्षं मी या वहाळावरून हलले नाही. कड्याखालच्या बाजारालासुद्धा गेले नाही. मी उतरायची आणि ती दुसऱ्या वाटेने वर यायची, मग घरी कोण? धाकलूने परोपरीने समजावलं. ती आपली मान हलवत राहिली. शेवटी त्याने तिच्या हातची भाकरी खाल्ली आणि एकटाच परत फिरला.

तो राजवाड्यावर पोचला तेव्हा राणी अंथरुणाला लागली होती. धाकलू राजाला म्हणाला, “महाराज, इथं आणता येईल असं काही नाही. राणीसाहेबांनाच जावं लागेल.”

राणीने ऐकलं आणि ती अंथरुणावर उठून बसली. राजाला आनंद झाला. त्याने सगळ्यांना बाहेर जायला सांगितलं. मग राणीला विचारलं, “तू परत येशील ना?”

खोटं बोलायची तिला सवय नव्हती, आणि खरं काय ते तिचं तिलाच अजून माहीत नव्हतं.

राजा उठला आणि स्वतः जाऊन मेणा तयार करायला सांगितला.

मग निघाले सगळे. पुढं धाकलू, मागं मेणा, मेण्याच्या बाजूने राजा चालत. पहिल्या संगमाला राणी गार पाणी ओंजळीने प्याली. दुसऱ्या संगमाला तिने चतकोर भाकरी मागून घेतली. कड्याखाली पोचले तेव्हा ती मेण्यातून उतरून चालत होती. तिथून पुढं मेणा जाणार नव्हता. राजा म्हणाला, मी तुला पाठीवर घेतो. राणी नको म्हणाली. धाकलू म्हणाला, मी येतो वाट दाखवायला. राणी म्हणाली, वाट आहे की समोर. तिने चपला काढल्या, पदर खोचला, आणि मधल्या धारेच्या बाजूने मुळं धरून चढायला लागली. राजा खाली उभा राहून बघत होता. ती झाडांत दिसेनाशी झाली तरी बघत होता.

वर पाऊस भुरभुरत होता. राणी वहाळात उतरली आणि पाण्यातून चालायला लागली. तिला वाटलं, अजून पुढं असेल. एवढासा कसा असेल तो? तिच्या मनात तो समुद्राएवढा होता. चालता चालता तिचा पाय एका दगडाला लागला, ती थांबली, वर वाकलेला उंबर दिसला, आणि तिला कळलं की आपण पोचलो.

बुधी पाठमोरी होती. पाण्यात पावलं वाजली ती तिने ऐकली, पण वळली नाही. किती वर्षं लाकूडतोडे, मध काढणारे याच वहाळाने येत-जात होते. दर वेळी ती वळून बघायची, आणि दर वेळी दुसरंच कुणी असायचं. पण पावलं थांबली ती पुढं जाईनात. मग ती वळली.

दोघी एकमेकींकडे बघत उभ्या राहिल्या. म्हातारीने आधी तिचे पाय बघितले, मग हात, मग तोंड. राणीच्या केसांतून पाणी गळत होतं. बुधी पाण्यातून चालत तिच्यापाशी आली. राणीच्या केसांची गाठ सोडली, आपला पदर पिळला आणि तिचे केस पुसायला लागली. जोरात, लहान पोरीचे पुसतात तसे.

“किती वेळ पाण्यात होतीस गं,” ती म्हणाली. “केस बघ.”

एवढंच म्हणाली. राणीने डोकं तिच्यापुढं वाकवलं आणि मग ती रडली. चांगली पोटभर रडली. बुधी पुसतच राहिली.

मग दोघी घरी गेल्या. घर कसलं, कुडाची झोपडी. नाचणीच्या भाकऱ्या झाल्या, उतरत्या माशांचं कालवण झालं. राणीने तीन भाकऱ्या खाल्ल्या. बुधीने चौथी तिच्या ताटात टाकली, ती पण खाल्ली.

आणि इकडे खाली राजा बसलेला. एक दिवस झाला, दोन झाले. वर जावं का? नको, तो म्हणायचा. धाकलूने त्याला गळ टाकायला शिकवलं. राजाला एकही मासा मिळाला नाही. त्याचं लक्षच नव्हतं. धार पडायची तिकडे तो बघत बसायचा. पाच दिवस झाले, सहा झाले. त्याचंही जेवण कमी झालं. बरोबरचे लोक म्हणायला लागले की महाराज, आता चला. राजा म्हणाला, तुम्ही जा. ते कसले जातात? थांबले.

वर राणी आईबरोबर वहाळात उतरायची. बांध नीट करायची, टोपली धरायची. इतक्या वर्षांत कधी नव्हती एवढी ती सुखात होती. पण मधेच हात थांबायचा आणि ती वहाळ खाली जातो तिकडे बघत राहायची. बुधीने पहिल्या दिवशी बघितलं. तिसऱ्या दिवशी बघितलं. सातव्या दिवशी तिने विचारलं, “खाली कुणी वाट बघतंय का तुझी?”

“बघतोय,” राणी म्हणाली.

“मग जा,” बुधी म्हणाली. “वाट बघणं काय असतं ते मला विचार.”

राणी म्हणाली, आई, तू पण चल. पोर आता सापडली की, आता कुणाची वाट बघायचीय? बुधीने विचार केला. खरंच विचार केला. मग म्हणाली की मला तुमच्या त्या मोठ्या पाण्यात झोप यायची नाही. इथलं पाणी वाजतं ते ऐकत मी म्हातारी झाले. तू येत जा. वाट मोकळीच असते.

मग आठव्या दिवशी राणी कड्यावरून उतरली. राजा उठून उभा राहिला. तिने त्याच्या हातातला गळ काढून घेतला, त्याला आमिष कसं लावायचं ते दाखवलं, आणि पहिल्याच फेकीला एक बरासा मासा काढून दिला. तो त्यांनी तिथंच भाजून खाल्ला, सगळ्यांनी मिळून. धाकलूने काटेसुद्धा चोखून टाकले.

तेव्हापासून दर पावसाळ्यात, पहिला पूर ओसरला की राणी वर जायची. दोन-दोन महिने राहायची. राजा कड्यापर्यंत पोचवायला यायचा आणि न्यायला यायचा. पुढं त्यांना मुलं झाली, ती पण जायला लागली आजीकडे, मुळं धरून, कड्यावरून, घसरत पडत. बुधी खूप म्हातारी होईपर्यंत जगली.

राणीची ओढ गेली का? नाही गेली. वर असली की तिला खालचं आठवायचं, खाली असली की वरचं. ते तसंच राहिलं शेवटपर्यंत. पण आता ती जेवायची, हसायची, आणि पडल्या पडल्या तिला झोप लागायची. राजाही सुखी झाला, राणीही सुखी झाली.

चला, झाली गोष्ट. डोळे मिटा बघू. कोण अजून जागं आहे? बाहेर पन्हाळीचं पाणी वाजतंय, ते ऐकत पडा. मी आहे इथंच.